शेजारी बिबट्या, हाती कॅमेरा : वाचकांचे प्रश्न

घराजवळच्या, शेतातल्या किंवा मुक्कामाच्या ठिकाणच्या वन्यप्राण्यांवर स्वतःच चित्रपट करू पाहणाऱ्या वाचकांनी आपल्या शंका कळवाव्यात, असे आवाहन मागील अंकात केले होते. आलेल्या बहुतेक पत्रांत 'आणखी जवळ कसे जाता येईल?' हाच प्रश्न निरनिराळ्या शब्दांत विचारलेला आहे, त्यामुळे उत्तरांतही काही गोष्टी पुन्हा येतील. त्याबद्दल वाचकांनी सांभाळून घ्यावे.

प्रश्न : जुन्नर तालुक्यात आमची ऊसशेती आहे. विहिरीजवळच्या बांधावरून एक बिबट मादी दोन वर्षांपासून ये-जा करते. मी गच्चीवरून मोबाइलवर तिचे चित्रण करतो. अलीकडे गच्चीवर माणूस दिसला तरी ती लगेच उठून जात नाही. बांधावर कोंबडी बांधली तर ती आणखी जवळ येईल, असे पुतण्याचे म्हणणे आहे. यातून एक पूर्ण चित्रपट करावा अशी इच्छा आहे. — एक ऊसउत्पादक शेतकरी

कोंबडी बांधू नये. आधी कायद्याचे सांगतो, कारण ते थोडक्यात सांगता येते. वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ यातील 'शिकार' या शब्दाची व्याख्या आपण समजतो त्यापेक्षा बरीच रुंद आहे. वन्यप्राण्याला मारणे एवढाच तिचा अर्थ नाही. त्याला पकडणे, हाकून नेणे आणि आमिष दाखवणे, इतकेच नव्हे तर यांपैकी कशाचा प्रयत्न करणे हेही तीत येते. हातात बंदुकीऐवजी मोबाइल असला म्हणून पुतण्याची कोंबडी त्या व्याख्येतून सुटत नाही.

कायदा बाजूला ठेवला तरी उत्तर बदलत नाही. आपल्याला पाहून ती उठत नाही, याचा आपल्याला थोडा अभिमान वाटत असावा, आणि तो स्वाभाविक आहे. परंतु तिने ओळखले आहे ते आपल्याला नव्हे. गच्चीवरचा माणूस खाली येत नाही, त्याच्यापासून धोका नाही आणि लाभही नाही, एवढेच ती दोन वर्षांत शिकली आहे. हे शिक्षण दोघांच्याही सोयीचे आहे. कोंबडी बांधली की धडा बदलतो : घराजवळ, माणसाच्या वासाजवळ, खायला मिळते. हा धडा ती फक्त आपल्या घरापुरता लक्षात ठेवणार नाही. पलीकडच्या वस्तीवर रात्री अंगणात उठणाऱ्या आजींना आपल्या चित्रपटाबद्दल काहीच ठाऊक नसते.

आमिषाने काय होते, याचा अनुभव मोठमोठ्यांनी घेतला आहे. जेन गुडॉल यांनी १९६० मध्ये टांझानियातील गोंबे येथे चिंपांझींचा अभ्यास सुरू केला. ते जवळ यावेत, नीट पाहता यावेत आणि त्यांचे चित्रणही व्हावे, म्हणून पुढे छावणीवर केळी ठेवली जाऊ लागली. चिंपांझी आले, चित्रणही झाले. पण केळ्यांभोवती गर्दी होऊन भांडणे वाढली आणि हे वाटप नंतर आवरते घ्यावे लागले. त्या काळातले कोणते वर्तन चिंपांझींचे आणि कोणते केळ्यांचे, यावर अभ्यासकांनी पुढे बराच वाद घातला. गोंबेत निदान आजूबाजूला कोणाची शेळी बांधलेली नव्हती.

आपल्या तालुक्याचा इतिहास आपल्याला माझ्यापेक्षा अधिक माहीत असेल. २००० नंतरच्या दोन-तीन वर्षांत या भागातील उसातून बिबटे मोठ्या प्रमाणावर पकडून दूरच्या जंगलांत सोडण्यात आले, आणि त्यानंतर माणसांवरील हल्ले कमी होण्याऐवजी वाढले, असे विद्या अत्रेय व त्यांच्या सहकाऱ्यांनी २०११ मध्ये प्रसिद्ध केलेल्या संशोधनात दाखवून दिले. याच संशोधकांनी २००९ मध्ये टाकळी ढोकेश्वरच्या एका विहिरीतून काढलेल्या नराला ठावठिकाणा कळवणारा पट्टा बांधून माळशेज घाटात सोडले, तेव्हा तो सुमारे १२० किलोमीटर चालत मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानापर्यंत गेला. हाच तो 'आजोबा' या नावाने ओळखला गेलेला बिबट्या. आपल्याला बांधावर जे मिनिटभर दिसते, तो त्या मादीच्या दिनक्रमाचा एक लहानसा कोपरा आहे, हे त्यावरून ध्यानात यावे. तिची वाट बदलायला लावील असे काहीही त्या कोपऱ्यात करणे शहाणपणाचे नाही.

मग चित्रपट कशाचा करायचा? तिच्या चेहऱ्याचे जवळून घेतलेले चित्र आपल्यापेक्षा चांगले घेणारे शेकडो लोक आहेत. अभयारण्यात जीप घेऊन जाणाऱ्या कोणालाही ते मिळते. आपल्याजवळ जे आहे ते त्यांच्यापैकी कोणाजवळही नाही. शेतीची वीज रात्री येते म्हणून बॅटरी घेऊन दारे धरायला जाणारा माणूस, त्याने बांधावरून चालताना मुद्दाम मोठ्याने लावलेली मोबाइलवरची गाणी, संध्याकाळी गोठ्याचे दार लावून पुन्हा एकदा कडी चाचपणारा हात, अंगणात खेळणाऱ्या मुलांना दिवेलागणीला आत बोलावणारी हाक, आणि त्यानंतर तासाभराने त्याच अंगणाच्या कडेने गेलेले ठसे. हे सर्व एका चित्रपटात आणता आले, तर त्यात ती मादी एकूण तीन मिनिटे दिसली तरी पुरे आहे.

त्या तीन मिनिटांसाठी गच्चीवरील मोबाइलच्या जोडीला एक कॅमेरा ट्रॅप, म्हणजे समोरून प्राणी गेला की आपोआप चालू होणारा कॅमेरा, घ्यावा आणि बसवण्यापूर्वी आपल्या भागातील वनरक्षकांना कळवावे. तो साधारण गुडघ्याच्या उंचीवर, म्हणजे जमिनीपासून ४० ते ५० सेंटिमीटरवर, वाटेला किंचित तिरपा लावावा. तोंड पूर्वेला किंवा पश्चिमेला करू नये, कारण उगवता-मावळता सूर्य समोर आला की कॅमेरा विनाकारण चालू होतो. समोरचे गवत आणि उसाचे पाचट दूर केले नाही, तर वाऱ्याने हलणाऱ्या पात्यांचीच शेकडो चित्रे मिळतात. पांढऱ्या फ्लॅशचा कॅमेरा घेऊ नये, अवरक्त प्रकाशाचा घ्यावा.

तोडणीच्या दिवसांत फडात बछडे सापडण्याचा संभव असतो. तसे झाल्यास त्या भागातील तोडणी थांबवून वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवावे, बछड्यांना हात लावू नये आणि त्यांच्याबरोबर कोणालाही छायाचित्र काढू देऊ नये. वन विभागाचे आणि माणिकडोह येथील बिबट निवारा केंद्राचे लोक बछड्यांची तपासणी करून संध्याकाळी त्यांना त्याच जागी खोक्यात ठेवतात, आणि बऱ्याचदा रात्रीतून आई येऊन एकेक करून घेऊन जाते. त्यांच्या परवानगीने आधीच लावून ठेवलेल्या कॅमेऱ्यात ही भेट टिपता येते. पाहायला म्हणून जमलेल्या गर्दीतून ती टिपता येत नाही, कारण गर्दी असेपर्यंत आई येतच नाही.

शेवटचे म्हणजे, चित्रण त्याच दिवशी समाजमाध्यमांवर टाकू नये. मागे दिसणाऱ्या विहिरीवरून आणि रोहित्रावरून गावातले कोणीही जागा ओळखते, आणि दुसऱ्या संध्याकाळी बांधावर मोटारसायकली उभ्या राहतात. ऊस तुटून गेल्यावर, हंगाम सरल्यावर दाखवावे.

प्रश्न : अलास्कात अस्वलांमध्ये राहणाऱ्या टिमोथी ट्रेडवेलवरील चित्रपट आम्ही मित्रांनी पाहिला. काही जण त्याला वेडा म्हणतात, काही जण प्राण्यांचा सच्चा मित्र. आपले मत काय? — एक महाविद्यालयीन विद्यार्थी, पुणे

दोन्ही विशेषणे त्याला थोडी थोडी लागू पडतात, पण त्यांनी उलगडा काहीच होत नाही. ट्रेडवेल कॅटमाई राष्ट्रीय उद्यानाच्या किनाऱ्यावर तेरा उन्हाळे तंबू ठोकून राहिला. त्याने तपकिरी अस्वलांना नावे दिली, त्यांच्याशी तो लाडाने बोलत असे, जवळ शस्त्र बाळगत नसे, आणि अखेरच्या पाच वर्षांत त्याने सुमारे १०० तासांचे चित्रण केले. ऑक्टोबर २००३ मध्ये तो आणि त्याची सहकारी एमी ह्युगेनार्ड हे दोघेही अस्वलाच्या हल्ल्यात मृत्यू पावले. त्याच्याच चित्रणावरून वर्नर हर्झॉग यांनी २००५ मध्ये आपण पाहिलेला चित्रपट केला. त्या शेवटच्या प्रसंगाचे ध्वनिमुद्रण उपलब्ध असूनही हर्झॉग यांनी ते प्रेक्षकांना ऐकवले नाही, आणि हा निर्णय मला त्या चित्रपटातील सर्वांत योग्य निर्णय वाटतो.

तो कोठे चुकला हे पाहायचे, तर त्या वर्षीचे दिनमान पाहावे. एरवी तो निघून जात असे त्यापेक्षा त्या वर्षी तो उशिरापर्यंत राहिला. हिवाळी निद्रेपूर्वी अंगावर चरबी चढवण्यासाठी अस्वले या दिवसांत अहोरात्र अन्न शोधत असतात; त्याच्या ओळखीची बरीच अस्वले निघून गेलेली होती आणि अनोळखी अस्वले त्या जागी आलेली होती. तंबू त्यांच्या वाटांच्या मध्यभागी होता. तेरा वर्षांची ओळख त्या ठरावीक अस्वलांशी आणि त्या ठरावीक दिवसांशी होती. ती अस्वल या जातीशी झालेली आहे, असे त्याने गृहीत धरले. त्या दोघांच्या शोधात आलेल्या माणसांना तेथे दोन अस्वले गोळ्या घालून मारावी लागली, हेही हिशेबात धरावे.

कॅटमाईच्या उत्तर सीमेलगत मॅकनील नदीचे अभयारण्य आहे. उन्हाळ्यात तेथील धबधब्यापाशी सामन मासे पकडायला डझनावारी अस्वले जमतात, आणि माणसे त्यांच्यापासून अगदी थोड्या अंतरावर बसलेली असतात. १९७३ पासून तेथे दिवसाला मोजक्याच लोकांना परवाना मिळतो. सर्व जण जाणकारासोबत त्याच वाटेने, त्याच वेळी, त्याच जागी जाऊन बसतात आणि अन्नाचा कणही बाहेर राहू देत नाहीत. या व्यवस्थेत अस्वलाने पाहुण्याला इजा केल्याचा एकही प्रसंग घडलेला नाही. तेथेही अस्वले माणसांना सरावलेली आहेत. पण येणारा प्रत्येक माणूस सारखाच वागतो, म्हणून तो सराव कोणाच्या अंगाशी येत नाही. ट्रेडवेलचा सराव मात्र एकट्याच्या लहरीवर उभा होता.

चित्रपट करणाऱ्यांनी त्याच्याकडून आणखी एक गोष्ट लक्षात घ्यावी. कॅमेऱ्यासमोर तो आपण अरण्यात अगदी एकटे आहोत असे सांगत राहिला, आणि काही वेळा त्याच्यासोबत एमी असूनही तिला त्याने चित्रात जवळजवळ येऊच दिले नाही. मनासारखे होईपर्यंत तो एकच प्रसंग पुन्हा पुन्हा करून चित्रित करत असे. आणि तरीही, तो बोलून चौकटीतून बाहेर गेल्यावर कॅमेरा नुसताच चालू राहिला आहे आणि मागे गवत वाऱ्याने हलते आहे, असे जे काही क्षण राहून गेले आहेत, ते विलक्षण आहेत. हर्झॉग यांच्यासारख्या कसलेल्या दिग्दर्शकालाही त्यांचे कौतुक करावेसे वाटले.

प्रश्न : सुरुवातीला कोणता कॅमेरा घ्यावा? ड्रोन घेतल्यास उपयोग होईल का? — एक वाचक, नाशिक

असेल तो कॅमेरा पुरे. पैसे खर्च करायचेच असतील, तर आधी भक्कम तिपाई, मग बाहेरचा मायक्रोफोन व त्यावरील वाऱ्याचे आवरण, आणि एक बरी दुर्बीण घ्यावी. हलणारे चित्र आणि फरफर ऐकू येणारा वारा यांमुळे जितके घरगुती चित्रपट बिघडतात, तितके कमी प्रतीच्या कॅमेऱ्यामुळे बिघडत नाहीत.

ड्रोन घेऊ नये. संरक्षित क्षेत्रात तो परवानगीशिवाय उडवता येत नाही, पण माझा आक्षेप त्यापुरता नाही. अमेरिकेतील मिनेसोटा राज्यात काळ्या अस्वलांच्या शरीरात हृदयाचे ठोके मोजणारी यंत्रे बसवून त्यांच्यावरून ड्रोन नेण्यात आले. २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात अस्वले बाहेरून बहुधा शांत दिसत होती, मात्र ठोके वाढलेले होते, आणि एकीचे तर ते चौपटीपर्यंत गेले. 'प्राणी अजिबात विचलित झाला नाही' असे जे आपण छातीठोकपणे सांगतो, ते डोळ्यांना दिसते तेवढ्यापुरतेच खरे असते.

प्रश्न : दक्षिण आफ्रिकेतील ऑक्टोपसवरचा माहितीपट फार आवडला. पण तो माणूस एकटाच पाण्यात जातो, तर त्याला बाहेरून चित्रित कोणी केले? ही फसवणूक नव्हे का? — एक शिक्षिका, कोल्हापूर

आपली शंका अगदी रास्त आहे आणि पुष्कळ प्रेक्षकांच्या ती लक्षातही येत नाही. क्रेग फॉस्टर हे केप टाउनजवळच्या फॉल्स बे या उपसागरात समुद्री शेवाळाच्या जंगलात, थंड पाण्यात, श्वसनाच्या साधनांशिवाय रोज उतरत राहिले, आणि त्या दिवसांचे बरेचसे चित्रण त्यांचे स्वतःचे आहे. ते स्वतः ज्या दृश्यांत दिसतात, ती अर्थातच दुसऱ्या कोणी तरी घेतलेली आहेत, आणि चित्रपटाला दोन दिग्दर्शकही होते. २०२० मध्ये आलेल्या या चित्रपटाला पुढील वर्षी ऑस्कर मिळाले.

मी याला फसवणूक म्हणणार नाही. पाण्यात शिरणारी पाठ नंतर कधी तरी चित्रित केली, तर प्राण्याबद्दल कोणतीही खोटी गोष्ट सांगितली जात नाही. मर्यादा कोठे ओलांडली जाते, ते १९५८ च्या डिस्नेच्या एका चित्रपटावरून समजते. लेमिंग नावाचे उंदरासारखे प्राणी कळपाने समुद्रात उड्या घेऊन जीव देतात, असे त्यात दाखवले होते. पुढे उघडकीस आले की ते प्राणी विकत घेऊन कॅनडातील अल्बर्टा प्रांतात आणलेले होते, बर्फ पसरलेल्या फिरत्या तबकावर पळवून त्यांचा मोठा कळप भासवला होता, आणि नदीकाठच्या कड्यावरून त्यांना खाली लोटले होते. त्याही चित्रपटाला ऑस्कर मिळाले होते. लेमिंग आत्महत्या करतात असे आजही लोक ठामपणे सांगतात, आणि त्या समजुतीला त्या चित्रपटाने मोठे बळ दिले.

तेव्हा आपल्या विद्यार्थ्यांना एवढे सांगावे की माणसाचे दृश्य पुन्हा घेतले तर चालते, प्राण्याचे पुन्हा घडवले तर चालत नाही. आणि दोन वेगळ्या दिवसांचे किंवा दोन वेगळ्या प्राण्यांचे चित्रण एकत्र जोडले असेल, तर निवेदनात तसे स्पष्ट म्हणावे.

प्रश्न : हेमलकसा येथे डॉ. प्रकाश आमटे यांना बिबट्यांसोबत पाहत आम्ही लहानाचे मोठे झालो. मग आपण प्राण्यांपासून दूर राहायला का सांगता? — एक वाचक, नागपूर

कारण ते प्राणी वेगळ्या परिस्थितीतले आहेत. १९७३ मध्ये लोकबिरादरी प्रकल्प सुरू झाला, तेव्हा भामरागडच्या परिसरातील माडिया लोकांसाठी शिकार हे पोट भरण्याचे साधन होते. आई मारली गेल्यावर मागे राहिलेली पिल्ले आमटे यांनी मागून घेतली, त्यांच्या बदल्यात धान्य दिले आणि ती वाढवली. माणसाच्या हाताने दूध पिऊन वाढलेला बिबट्या पुन्हा रानात सहसा राहू शकत नाही. त्याला माणसाची सोबत देणे ही त्याची गरज असते, तिथे राहणाऱ्याची हौस नव्हे. जुन्नरच्या बांधावरची मादी अनाथ नाही. तिच्या डोक्यावर हात फिरवावा असे कोणाला वाटत असेल, तर त्यासाठी आधी तिला अनाथ करावे लागेल.

याच कारणाने, मुदुमलाईच्या थेप्पाकाडू छावणीत हत्तीची पिल्ले सांभाळणाऱ्या बोम्मन आणि बेल्ली या दांपत्यावरील, २०२३ मध्ये ऑस्कर मिळालेला कार्तिकी गोन्साल्विस यांचा लघुपट मला वेगळ्या अर्थाने अनुकरणीय वाटतो. दिग्दर्शिकेने प्राण्याशी आपली स्वतःची मैत्री दाखवली नाही. ज्यांचे आयुष्यच प्राण्यांत जाते, त्यांच्या घरापाशी ती कॅमेरा घेऊन अनेक वर्षे जात राहिली.

प्रश्न : सिंधुदुर्गातील आमच्या घरामागे बेहड्याच्या ढोलीत धनेशाने घरटे केले आहे. मादी आत बसून तीन आठवडे झाले. चित्रणाच्या आड एक फांदी येते. ती तोडावी का, आणि लपण (लपून चित्रण करण्याचा आडोसा) किती अंतरावर उभारावे? — एक गृहिणी

ताई, फांदी तोडू नये आणि लपणही उभारू नये. पक्ष्यांच्या बाबतीत घरट्याला उपद्रव देणे हेदेखील कायद्याने शिकारीतच गणले जाते. शिवाय धनेशाचे घरटे इतर घरट्यांसारखे नसते. मादी ढोलीत शिरून ढोलीचे तोंड विष्ठा व मातीने लिंपून घेते, केवळ चोच बाहेर येईल एवढी फट ठेवते, आत तिची उडण्याची पिसेही झडतात, आणि महिनोन्महिने तिचे व पिल्लाचे पोट बाहेरून येणाऱ्या एकट्या नरावर असते. तो वड-उंबराची आणि इतर रानफळे गळ्यात साठवून आणतो व एकेक करून फटीतून देतो. आपल्याला आड येणारी ती फांदी बहुधा त्याची उतरण्याची जागा असेल; दोन दिवस नीट पाहिल्यास कळेल.

लपणाबाबतचा सल्ला मी स्वतःच्या चुकीवरून देत आहे. पंचविशीत असताना मी एका नदीच्या खडकाळ पात्रात टिटवीच्या घरट्यापासून दहा-बारा पावलांवर कापडी लपण लावले होते. टिटवी भोवती फिरत होती, थबकत होती, मान उंचावून ओरडत होती, आणि मला हे सर्व फार सुंदर मिळत होते. पुढे ते चित्रण एका गावात दाखवले, तेव्हा मागे बसलेल्या एका वृद्ध धनगराने विचारले, "ती बसंना का अंड्यांवर?" उन्हाच्या वेळी टिटवी पोटाची पिसे पाण्यात भिजवून आणते आणि अंडी गार ठेवते, हे मी पुस्तकात वाचलेले होते. माझ्या त्या पंचेचाळीस मिनिटांत ती एकदाही अंड्यांवर बसलेली नव्हती. त्या अंड्यांचे पुढे काय झाले हे पाहायला मी पुन्हा गेलो नव्हतो.

आपले घर मात्र त्या नराला नवे नाही. मागील पडवीत आपण जिथे बसून तांदूळ निवडता, तिथेच बसावे, कॅमेरा तिपाईवर लावून तसाच राहू द्यावा, आणि शेजारी वही ठेवावी. नर किती वाजता आला, किती फळे दिली, कोणती दिली, हे रोज लिहावे. आपण पडवीत असताना तो नेहमीपेक्षा उशिरा येऊ लागला किंवा झाडाजवळ येऊन परत फिरू लागला, तर काही दिवस आतल्या खोलीच्या खिडकीतून पाहावे. फांदी चौकटीत आली तर येऊ द्यावी.

ढोलीखाली बियांचा सडा पडलेला दिसेल. मादी आणि पिल्लू बाहेर पडून उडून जाईपर्यंत तो वेचायला जाऊ नये. पावसाळा लागला की त्यांतल्या काही बियांना तिथेच मोड येतात. बेहड्याखाली बेहड्याची नसलेली रोपे उगवलेली दिसतील. त्यांचे चित्रण करताना हवे तेवढे जवळ जायला हरकत नाही.